सून कोणाच्या नोंदवहीत? जपानी मूकपट, विवाह आणि स्त्री

१/
जपानी मूकपटांतील स्त्रियांविषयी लिहिताना एक सोपे समीकरण नेहमी मांडले जाते. घरच्यांनी ठरवलेला विवाह म्हणजे बंधन, प्रेमविवाह म्हणजे सुटका, आणि हे चित्रपट म्हणजे पहिल्याकडून दुसऱ्याकडे झालेल्या प्रवासाची नोंद. माझे मत निराळे आहे. ते चित्रपट आणि त्या काळचा कायदा शेजारी शेजारी ठेवले की विवाह कोणी जुळवला हा प्रश्न दुय्यम ठरतो. विवाहानंतर ती स्त्री कोणाच्या अधिकारात गेली आणि तिथून तिला बाहेर पडता येत होते का, हा प्रश्न पुढे येतो. आजचा धागा त्याविषयी.

२/
प्रथम कायदा पाहू. मेइजी नागरी संहितेचा कुटुंबविषयक भाग १८९८ मध्ये लागू झाला. त्याचा पाया 'इए', म्हणजे घराणे, हा होता. प्रत्येक घराण्याला एक कुटुंबप्रमुख असे आणि प्रत्येक माणसाची नोंद कोणत्या ना कोणत्या घराण्याच्या नोंदवहीत असे. विवाहाला प्रमुखाची संमती लागे. त्याखेरीज पुरुषाला वयाच्या ३० वर्षांपर्यंत आणि स्त्रीला २५ वर्षांपर्यंत आईवडिलांची संमती आवश्यक होती. विवाह नोंदला की स्त्रीचे नाव माहेरच्या नोंदवहीतून निघून सासरच्या नोंदवहीत जाई.

३/
त्या नोंदवहीत गेल्यावर काय होई? कर्ज काढणे, स्थावर मालमत्तेचा व्यवहार करणे अशा गोष्टी पत्नीला पतीच्या परवानगीवाचून करता येत नसत. तिच्या मालमत्तेची व्यवस्था पतीकडे जाई. पत्नीचा व्यभिचार घटस्फोटाचे कारण होता. शिवाय पतीने तक्रार केल्यास तो दोन वर्षांपर्यंतच्या कैदेचा गुन्हाही होता. पतीच्या विवाहबाह्य संबंधांना मात्र, ती दुसरी स्त्री कोणाची पत्नी नसेल तर, असा गुन्हा लागू होत नसे. एकाच घरातील एकाच कृत्याला दोन मापे होती, आणि दोन्ही मापे कायद्याने दिलेली होती.

४/
जपानी भाषेत सुनेला 'योमे' म्हणतात. हा शब्द ज्या चिन्हाने लिहितात त्याचे दोन भाग आहेत: डावीकडे 'स्त्री', उजवीकडे 'घर'. चिन्ह चीनमधून आलेले आहे आणि मेइजी कायद्याहून कितीतरी जुने आहे. त्यामुळे केवळ लिपीवरून समाजाविषयी निष्कर्ष काढणे धोक्याचे. तरीही १८९८ च्या संहितेने त्या चिन्हाला जणू शासकीय शिक्का दिला. वधू आधी घराण्याची सून होई, मग एका पुरुषाची पत्नी.

५/
विवाह जुळवण्याची पद्धत आपल्याला ओळखीची वाटेल. 'नाकोदो' म्हणजे मध्यस्थ. 'मिआइ' म्हणजे मुलामुलीने एकमेकांस पाहण्याचा औपचारिक कार्यक्रम. १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात झालेल्या विवाहांपैकी सुमारे ६९ टक्के विवाह अशा रीतीने ठरलेले होते. प्रेमविवाहांची संख्या त्यांच्यापुढे गेली ती १९६० च्या दशकात. म्हणजे आपण ज्या मूकपटांविषयी बोलत आहोत, त्यांच्या प्रेक्षागृहात बसलेल्या बहुतेक विवाहित स्त्रिया मिआइच्या वाटेनेच सासरी आलेल्या होत्या.

६/
आरंभीच्या जपानी चित्रपटाने आपल्या कथा 'शिनपा' या नव्या शैलीच्या रंगभूमीकडून घेतल्या. त्यांतील दोन कथा पुन्हा पुन्हा चित्रित झाल्या. पहिली ओझाकी कोयो यांची 'कोन्जिकी याशा', म्हणजे सुवर्ण यक्ष. यातील 'याशा' हा आपल्या 'यक्ष' शब्दाचाच जपानी अवतार. ओमिया ही तरुणी कानइची या गरीब विद्यार्थ्याची वाग्दत्त. श्रीमंत स्थळ येते, आईवडील होकार देतात, ती त्या घरी जाते. आतामीच्या समुद्रकिनारी कानइची तिला लाथ मारतो. त्या प्रसंगाचा पुतळा आज आतामीच्या किनाऱ्यावर उभा आहे.

७/
दुसरी कथा तोकुतोमी रोका यांची 'होतोतोगिसु'. नामिको ही सेनाधिकाऱ्याची मुलगी. नौदलातील ताकेओशी तिचा विवाह दोन्ही घराण्यांच्या संमतीने होतो आणि त्या विवाहात दोघे मनापासून सुखी असतात. पुढे नामिकोला क्षय होतो. वंश खुंटेल, पुत्रालाही रोग जडेल, या भीतीने सासू, ताकेओ नोकरीवर दूर असताना, सुनेला माहेरी परत पाठवते. नवऱ्याला विचारलेही जात नाही. नामिको माहेरीच मरते.

८/
या दोन कथांत दोष कोणाला दिला जातो ते पाहा. पहिल्या कथेत ओमियाला, कारण ती धनाला भुलली. दुसऱ्या कथेत सासूला, कारण ती निर्दय आहे. दोन्ही ठिकाणी आरोपीच्या पिंजऱ्यात स्त्रीच आहे. होकार देणारे वडील, संमतीचा अधिकार बाळगणारे घराणे, सुनेचे नाव पुसून टाकता येईल अशी नोंदवही, यांच्याकडे बोट जात नाही. 'होतोतोगिसु'मधील सासूही एके काळी दुसऱ्या घरातून आलेली सूनच होती. तिच्या हाती आलेली सत्ता घराण्याची होती. ती वापरण्याची पाळी आज तिची होती, एवढेच.

९/
आता पडद्यावर ही नामिको किंवा ओमिया कोण साकारत होते? १९२० च्या आसपासपर्यंत बहुतेक वेळा पुरुष. काबुकी आणि शिनपा रंगभूमीवरील 'ओन्नागाता', म्हणजे स्त्रीभूमिका करणारे नट, चित्रपटातही आले. आपल्या संगीत रंगभूमीवरील स्त्रीपार्टी नटांची परंपरा ठाऊक असलेल्या वाचकाला यात नवल वाटणार नाही. ओन्नागातांच्या कलेविषयी मला आदर आहे. मात्र त्या कलेत 'आदर्श स्त्री कशी रडते, कशी झुकते' याचा साचा पुरुषांनी घडवलेला होता, हेही नाकारता येत नाही.

१०/
आवाजाचेही तेच. जपानी मूकपट खऱ्या अर्थाने मूक नव्हते. पडद्याशेजारी उभा राहून 'बेन्शी' कथा सांगे आणि पात्रांचे संवाद म्हणे. काही स्त्री-बेन्शी होत्या, पण बहुसंख्य पुरुष. म्हणजे शरीर पुरुषाचे, आवाज पुरुषाचा, आणि कथा स्त्रीच्या दुःखाची. त्यात १९१७ मध्ये तोक्योच्या पोलिसांनी चित्रपटगृहांसाठी नियम काढले. बेन्शींना परवाना आवश्यक झाला आणि स्त्रीपुरुषांच्या बैठका वेगळ्या झाल्या. स्त्रीला पडद्यावर जागा नव्हती. प्रेक्षागृहात होती, पण आखून दिलेली.

११/
बदल १९१९ पासून दिसू लागतो. काएरियामा नोरिमासा यांच्या 'सेइ नो कागायाकी' या चित्रपटात हानायागी हारुमी या अभिनेत्रीने नायिका साकारली. शोचिकू कंपनीचा कामाता स्टुडिओ १९२० मध्ये सुरू झाला आणि पुढच्याच वर्षी कुरिशिमा सुमिको तिथून पडद्यावर आली. १९२२ मध्ये तानाका एइझो यांचा 'क्योया एरितेन' आला. ओन्नागातांचा हा अखेरचा महत्त्वाचा चित्रपट. त्याच वर्षाच्या अखेरीस निक्कात्सू कंपनीतील अनेक ओन्नागाता बाहेर पडले. १ सप्टेंबर १९२३ च्या महाभूकंपानंतर जुनी व्यवस्था पुन्हा उभी राहिली नाही.

१२/
याच वर्षांत पडद्याबाहेर एक खळबळजनक घटना घडली. कवयित्री यानागिवारा ब्याकुरेन या उमराव घराण्यातील. त्यांचा विवाह कोळसाखाणींचे धनाढ्य मालक इतो देनएमोन यांच्याशी लावून दिलेला होता. ऑक्टोबर १९२१ मध्ये त्यांनी पतीचे घर सोडले आणि पतीला उद्देशून लिहिलेले पत्र 'ओसाका आसाही' या वृत्तपत्रात प्रसिद्ध झाले. स्त्रीने नवऱ्याला सोडल्याची जाहीर घोषणा देशाने वर्तमानपत्रात वाचली. त्याच सुमारास कुरियागावा हाकुसोन यांचे आधुनिक प्रेमाविषयीचे लेखन तरुण मोठ्या उत्साहाने वाचत होते. 'प्रेम' हा शब्द जणू नवा मंत्र झाला होता.

१३/
चित्रपट कंपन्यांनी हे वारे ओळखले. १९२४ पासून कामाता स्टुडिओची सूत्रे किदो शिरो यांच्याकडे होती. त्यांनी स्त्रीप्रेक्षकांना डोळ्यांसमोर ठेवून चित्रपट काढण्याचे धोरण आखले. यामागे परोपकार नव्हता, हिशेब होता. पण हिशेबाचेही परिणाम असतात. स्त्रीने तिकीट काढावे यासाठी तिला स्वतःचे काहीतरी पडद्यावर दिसणे भाग होते. टंकलेखिका, कॅफेतील वाढपीण, गेइशा, विधवा आई, सून अशा नायिका पडद्याच्या मध्यभागी आल्या. जपानमध्ये यशस्वी बोलपट १९३१ मध्ये आला, तरी बेन्शींच्या लोकप्रियतेमुळे मूकपट दशकाच्या मध्यापर्यंत निघत राहिले. सर्वांत धारदार चित्रपट याच उत्तरकाळातले आहेत.

१४/
१९३० मध्ये सुझुकी शिगेयोशी यांचा 'नानी गा कानोजो ओ सो सासेता का' प्रदर्शित झाला. नावाचा अर्थ: 'तिला असे करण्यास कशाने भाग पाडले?' सुमिको ही अनाथ मुलगी. नातलग तिला सर्कशीला विकतो. मग एका घरातून दुसऱ्या घरात, एका मालकाकडून दुसऱ्याकडे. अखेर ती ज्या आश्रयगृहात असते त्यालाच आग लावते. चित्रपट प्रचंड चालला. पुढे तो नष्ट झाला असे मानले जाई. १९९० च्या दशकात रशियातील संग्रहात त्याची अपूर्ण प्रत मिळाली. त्याचे शीर्षक मला महत्त्वाचे वाटते. 'तिने असे का केले' असा तो प्रश्न नाही. दोष व्यक्तीवरून व्यवस्थेवर सरकल्याची ती खूण आहे.

१५/
१९३३ मधील मिझोगुची केन्जी यांचा 'ताकी नो शिराइतो' पाहा. नायिका पाण्याचे खेळ करणारी कलावंतीण. ती एका गरीब तरुणाच्या कायद्याच्या शिक्षणाचा खर्च उचलते. पैशांच्या ओढाताणीत तिच्या हातून सावकाराचा खून होतो, आणि खटल्यात सरकारी वकील म्हणून उभा राहतो तोच तरुण. शेवट दोघांच्याही मृत्यूत होतो. तिच्या कष्टाच्या पैशांतून घडलेला कायदेपंडित त्याच कायद्याने तिला दोषी ठरवतो. विवाहाचा प्रश्न इथे उद्भवतच नाही. प्रतिष्ठित घराण्याच्या नोंदवहीत अशा स्त्रीला जागाच नसते. ही भूमिका करणारी इरिए ताकाको उमराव घराण्यात जन्मली होती आणि हा चित्रपट तिच्याच निर्मितिसंस्थेत बनला.

१६/
त्याच वर्षीचा ओझु यासुजिरो यांचा 'तोक्यो नो ओन्ना' जेमतेम पाऊण तासाचा आहे. थोरली बहीण दिवसा टंकलेखिका. धाकट्या भावाच्या शिक्षणासाठी ती रात्री काय करते ते भावाला कळते, आणि तो आत्महत्या करतो. बहिणीचा देह, श्रम, रात्र, सारे भावाच्या भवितव्यासाठी खर्ची पडले. त्याला मात्र असह्य झाला तो स्वतःच्या अब्रूवरचा डाग. बहीण भावाच्या देहापाशी रडते, आणि त्याला दुर्बळही म्हणते. घराण्याच्या अब्रूचे ओझे विवाह न झालेल्या स्त्रीच्या खांद्यावरही कसे येऊन पडते, ते इतक्या कमी वेळात दाखवणारे चित्रपट फार थोडे आहेत.

१७/
आता या धाग्याच्या केंद्रस्थानी असलेला चित्रपट: नारुसे मिकिओ यांचा 'कागिरिनाकी होदो', अर्थात 'अंतहीन रस्ता', १९३४. नारुसे यांचा हा अखेरचा मूकपट. सुगिको गिंझा भागातील कॅफेत काम करते. तिचे हारादा नावाच्या तरुणावर प्रेम आहे, पण हारादाच्या घरच्यांनी त्याच्यासाठी स्थळ पाहिलेले आहे. त्याला भेटायला जाताना सुगिकोला एका मोटारीची धडक बसते. मोटार चालवणारा हिरोशी श्रीमंत घराण्याचा. हारादाची भेट राहून जाते, गैरसमज होतो, तो दुरावतो. पुढे हिरोशी सुगिकोवर प्रेम करू लागतो आणि तिच्याशी विवाह करतो.

१८/
सोप्या समीकरणाप्रमाणे कथा इथे संपायला हवी. मुलाने घरच्यांच्या पसंतीचे स्थळ नाकारले, गरीब मुलीशी प्रेमविवाह केला, प्रेम जिंकले. नारुसे इथून खरी कथा सुरू करतात. सासू आणि नणंद सुगिकोला पदोपदी तिची पायरी दाखवून देतात. बोलणे, बसणे, पूर्वीची नोकरी, सगळ्याची झडती होते. हिरोशीचे प्रेम खोटे नाही. पण घरात त्याचा शब्द चालत नाही, आणि तो दारूत बुडतो. ज्या पुरुषाला विवाह निवडता आला, त्याला त्या विवाहाचे घराण्यापासून रक्षण करता आले नाही.

१९/
सुगिको घर सोडते. हिरोशीला मोटार अपघात होतो. रुग्णालयात त्याच्या उशाशी बसून सुगिको सासूला आणि नणंदेला तोंडावर सांगते की तुमचे प्रेम त्याच्यावर नव्हते, घराण्याच्या नावावर होते. आणि ती परत जाण्यास नकार देते. मूकपट असल्याने हे शब्द आपण पडद्यावरील अक्षरांतून वाचतो. त्या काळच्या प्रेक्षागृहात ते बेन्शीच्या तोंडून, म्हणजे बहुधा पुरुषी आवाजात, ऐकू आले असतील. तरीही त्या क्षणी कॅमेऱ्यासमोर चेहरा शिनोबु सेत्सुको या अभिनेत्रीचा आहे. पंधरा वर्षांपूर्वी तिथे ओन्नागाता असता.

२०/
आता 'होतोतोगिसु' आणि 'अंतहीन रस्ता' शेजारी ठेवा. पहिल्यात घराण्यांनी जुळवलेला सुखी विवाह घराणे मोडते. दुसऱ्यात मुलाने स्वतः निवडलेला विवाह घराणे मोडते. जुळवण्याची रीत बदलली, निकाल तोच राहिला. कारण दोन्ही ठिकाणी निर्णायक सत्ता एकच आहे. म्हणून माझे मत असे की प्रेमविवाह हा त्या काळी स्त्रीच्या मुक्तीचा पुरेसा मार्ग नव्हता. प्रेमाने ती सासरच्या दारापर्यंत येई. दाराच्या आत १८९८ ची संहिता तिची वाट पाहत असे.

२१/
यावर दोन आक्षेप येऊ शकतात, आणि दोन्ही वजनदार आहेत. पहिला: हे चित्रपट शहरी आहेत. त्या काळी असंख्य जपानी स्त्रिया शेतात आणि कापड गिरण्यांत राबत होत्या. गिंझातील कॅफे म्हणजे जपान नव्हे. हे मान्य. पण घराण्याचा कायदा गावाला आणि शहराला एकच होता. दुसरा: शेवटी नायिकेला काय मिळते? मृत्यू, एकाकीपण किंवा पुन्हा तीच नोकरी. मग याला प्रतिकार कसा म्हणावा? माझे उत्तर असे की हे चित्रपट सुटकेचा मार्ग दाखवत नाहीत, कारण तसा मार्ग कायद्यात नव्हता. खोटी सुटका दाखवण्यापेक्षा बंद दार दाखवणे अधिक प्रामाणिक आहे.

२२/
पडद्यामागील आयुष्येही हेच सांगतात. 'तोक्यो नो ओन्ना'ची नायिका ओकादा योशिको १९२७ मध्ये एका चित्रपटाचे चित्रीकरण अर्धवट टाकून सहकलाकारासह निघून गेली आणि कंपनीने तिला काढून टाकले. साकाने ताझुको यांचा ठरवून झालेला विवाह मोडला. त्यानंतर १९२९ मध्ये त्या निक्कात्सूमध्ये कामाला लागल्या, मिझोगुचींच्या हाताखाली शिकल्या आणि १९३६ मध्ये 'हात्सु सुगाता' दिग्दर्शित केला. त्या जपानमधील पहिल्या स्त्री-दिग्दर्शिका. नोंदवहीतून बाहेर पडलेल्या स्त्रीला उभे राहण्यासाठी दुसरी जमीन लागते. साकाने यांना ती स्टुडिओत मिळाली. बहुतेकींना मिळाली नाही.

२३/
दार उघडले ते युद्धानंतर. १९४७ मध्ये लागू झालेल्या संविधानाच्या २४ व्या कलमाने विवाहाचा आधार केवळ त्या दोघांची संमती, असे ठरवले. त्या कलमाच्या मसुद्यावर काम करणारी बिआटे सिरोटा अवघी २२ वर्षांची होती. तिचे बालपण तोक्योत गेले होते आणि जपानी स्त्रियांचे आयुष्य तिने जवळून पाहिले होते. पाठोपाठ नागरी संहिताही बदलली. कुटुंबप्रमुखाचा अधिकार आणि 'इए'ची कायदेशीर चौकट रद्द झाली. मिआइची पद्धत मात्र राहिली, आणि त्यात काही विसंगती नाही. आता नकार देण्याचा आणि बाहेर पडण्याचा अधिकार कायद्याने दोघांकडे होता.

२४/
तरी नोंदवहीची सावली पूर्ण गेलेली नाही. जपानी कायद्यानुसार विवाहानंतर जोडप्याने एकच आडनाव लावावे लागते. कोणाचे लावायचे ते दोघांनी ठरवायचे असते, पण सुमारे ९५ टक्के विवाहांत बदलते ते पत्नीचे. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ आणि २०२१ मध्ये ही तरतूद घटनाबाह्य ठरवण्यास नकार दिला.

२५/
इतिहासाचा अभ्यास करणाऱ्या आपल्यासारख्यांसाठी यातून एक सवय लावून घेण्याजोगी आहे. जुन्या चित्रपटात विवाह दिसला की 'प्रेमाचा की ठरवलेला?' हा प्रश्न जरूर विचारावा, पण तिथेच थांबू नये. तिचे नाव कोणत्या नोंदवहीत गेले, तिची मिळकत कोणाच्या हाती गेली, ती निघाली तर कोणते दार तिच्यासाठी उघडे होते, हेही विचारावे. सुगिको त्या रुग्णालयातून बाहेर पडून पुन्हा गिंझाच्या कॅफेत कामाला जाते. १९३४ मध्ये तिच्यासाठी उघडे असलेले दार तेवढेच होते.

धागा समाप्त. मतभेद असतील तर अवश्य मांडा. विशेषतः २० व्या भागाविषयी.